बांधाबाहेरचं झुडूप: मांडवीकाठच्या एका खाजणाचं प्रकरण

बांधदुरुस्तीच्या प्रस्तावात झाडांसाठी एकच ओळ होती. कामाच्या जागेवरची खारफुटी काढून टाकावी लागेल, एवढंच. कुठली खारफुटी, बांधाच्या आतली की बाहेरची, कोणत्या जातीची, यातलं काहीही नाही. डिचोली तालुक्यातल्या मांडवीकाठच्या एका गावात पुढे दोन-तीन वर्षं जे चाललं, ते या एका ओळीमुळे. गावाचं नाव मी मुद्दाम देत नाही. जिथे कँडेलिया कँडेल हे गोव्यात मोजकंच असलेलं झुडूप उरलं आहे ती जागा जितकी कमी गाजेल तितकी बरी, आणि अशी खाजणं या नदीच्या दोन्ही काठांना आणखी बरीच आहेत.

गोव्याबाहेरच्या वाचकांसाठी खाजणाबद्दल थोडं सांगायला हवं. भरतीच्या पातळीखालची सखल जमीन मातीच्या बांधाने नदीपासून तोडायची, बांधात मानस बसवायची आणि शेती करायची, अशी ही शेकडो वर्षांची व्यवस्था आहे. मानस म्हणजे लाकडी झडपांचं दार. भरतीच्या रेट्याने ते आपोआप मिटतं आणि ओहोटीला आतल्या पाण्याच्या दाबाने उघडतं. पावसाळ्यात मीठ धुऊन गेलं की कोरगुटासारखं खारं पाणी सोसणारं भात घ्यायचं, पीक निघालं की पोंयीत, म्हणजे बांधाच्या आतल्या खोलगट पाणवाटेत, मासळी आणि सुंगटं (कोळंबी). मानशीवर मासे धरण्याच्या हक्काची पावणी, म्हणजे लिलाव, व्हायची आणि त्या पैशातून बांधाची डागडुजी. पूर्वी हे सगळं कोमुनिदाद, म्हणजे गावाची सामायिक जमीन सांभाळणारी संस्था, बघायची. 1964 च्या कूळ कायद्यानंतर आणि त्यातल्या पुढच्या दुरुस्त्यांनंतर जमीन कसणाऱ्याची झाली, ते न्याय्यच होतं. बांधाची जबाबदारी मात्र कूळ संघटनांकडे आली, आणि बऱ्याच गावांत ती कोणाचीच राहिली नाही. मासळीच्या हव्यासापायी मानस नको तेव्हा उघडी ठेवण्याचे प्रकारही झाले. खारं पाणी शेतात आलं, भात गेलं, शेतकरी गेला.

या गावात बांधाला खांड पडली ती एका पावसाळ्यात, उधाणाच्या भरतीला. वेळीच बुजवली असती तर दोन दिवसांचं काम होतं. ती बुजवली गेली नाही. नदी दिवसातून दोनदा आत-बाहेर करत राहिली, खांड रुंदावत गेली, आणि भाताच्या जागी तिवर, चिप्पी आणि मारांडी उभी राहिली. काही वर्षांत वरून पाहणाऱ्याला तिथे हिरवंगार कांदळवन दिसायला लागलं.

मग शेतकऱ्यांच्या पुढच्या पिढीने दुरुस्तीची मागणी लावून धरली, प्रस्ताव झाला आणि गावात दोन तट पडले. एका बाजूचं म्हणणं, खारफुटी कापा, आम्हाला शेत परत द्या. दुसऱ्या बाजूला गावातलीच शिकलेली मुलं, त्यांचं म्हणणं, खारफुटीला हात लावायचा नाही, कायदा आहे. दोन्ही बाजू तळमळीने बोलत होत्या आणि दोन्ही बाजू 'खारफुटी' हा शब्द असा वापरत होत्या, जणू ती सगळी एकच वस्तू आहे. पंचायतीच्या जैवविविधता व्यवस्थापन समितीने वनस्पतिशास्त्र शिकवणारा म्हणून मला बोलावलं, तेव्हा मी एवढंच म्हटलं की आधी बांधाच्या दोन्ही अंगांना काय उभं आहे ते जातीनिशी लिहून काढू, मग भांडू.

आतलं काम सोपं होतं. तिवर सगळ्यात जास्त, पोंयीच्या कडेने चिप्पी, खांडीजवळ काजळा आणि गेवा, मधल्या उथळ जागेत मारांडीचे ताटवे. गोव्याच्या कुठल्याही खाडीत दिसतील अशा जाती. बाहेरच्या अंगाला पायी जाता येत नाही, मांडीएवढा चिखल आहे, म्हणून ओहोटी धरून होडी घ्यावी लागली. बांध जिथे नदीबरोबर वळतो तिथे एका पट्ट्यात वेगळंच काही उभं होतं.

लांबून ते कोवळं कांदळ वाटतं. पान तसंच जाड, चकचकीत, समोरासमोर. पण कांदळाच्या पानाला टोकाशी बारीक काटा असतो, बोट फिरवलं की लागतो. याच्या पानाचं टोक बोथट, गोलसर. कांदळाला खोडातून कमानीसारखी आधारमुळं फुटलेली असतात. याला तशी नाहीत, चिखलातून वर येणारी श्वासमुळंही नाहीत, फक्त बुंधा तळाशी पसरट झालेला. झुडूप माणसाच्या उंचीचं, काही त्याहून थोडी उंच. आणि फुलं! पाच अरुंद निदलं मागे वळलेली, आणि पांढऱ्या पाकळ्या इतक्या बारीक चिरलेल्या, पुंकेसर इतके भरपूर, की पाकळी कुठे संपते आणि केसर कुठे सुरू होतो ते नीट डोळ्यांजवळ धरल्याशिवाय कळत नाही. त्याच फांदीवर जुन्या फुलांच्या जागी लोंबणाऱ्या शेंगा. शेंगा म्हणतो ते लोकांच्या तोंडी आहे म्हणून. खरं तर ते झाडावरच रुजलेलं रोप असतं, वीतभर ते जवळजवळ हातभर लांब, सडपातळ, गुळगुळीत, खाली टोकदार, आणि वर मागे वळलेल्या निदलांचा मुकुट तसाच राहिलेला. कांदळाची शेंग खरखरीत आणि बहुधा याहून लांब असते. शंका उरली नाही. हे कँडेलिया कँडेल.

हे झुडूप भारताच्या दोन्ही किनाऱ्यांवर आहे, पुढे म्यानमार, थायलंड, मलेशिया, बोर्निओपर्यंत आहे. संकटग्रस्त जातींच्या जागतिक यादीत ते 'सध्या चिंता नाही' या वर्गात मोडतं. गोव्यात मात्र ते फार थोड्या ठिकाणी आणि फार थोड्या संख्येने आहे. चोडणच्या डॉ. सालिम अली पक्षी अभयारण्यात त्याची नोंद आहे. ते अभयारण्य 1988 साली झालं आणि त्याचं क्षेत्रफळ 178 हेक्टर. पण अभयारण्याच्या हद्दीबाहेर, खाजणांच्या बाहेरच्या कडेला जी तुरळक झुडपं आहेत, त्यांना कोणी वाली नाही. हे झाड कधी दाट वन करत नाही. खाडीच्या आतल्या भागात, जिथे पावसाळ्यात पाणी जवळपास गोडं होतं आणि उन्हाळ्यात खारं, अशा काठावर पाण्याला लागून एक अरुंद ओळ, इतकंच त्याचं घर. मांडवीत भरतीचा परिणाम मुखापासून जवळपास 50 किलोमीटर आत, गांजेपर्यंत जातो, म्हणून अशा काठाची कमतरता नसावी असं वाटेल. पण नेमका हाच काठ बांधांचा, धक्क्यांचा, रेतीचा आणि बार्जींचा, म्हणजे मोठ्या मालवाहू होड्यांचा, आहे.

आता आकड्यांकडे बघा. भारतीय वन सर्वेक्षणाच्या 1989 च्या अहवालात गोव्यात 3 चौरस किलोमीटर कांदळवन होतं, 2003 साली 16, आणि 2021 च्या अहवालात 27. यातला काही भाग उपग्रहाची नजर सुधारल्याचा आहे, काही लागवडीचा, आणि बराचसा पडीक खाजणांचा. आकडा वाढतो आहे याचा मला आनंदच आहे. पण उपग्रह दाट, मध्यम आणि विरळ एवढंच सांगतो, जात सांगत नाही. या गावच्या खांडीतून आत आलेल्या तिवरांनी राज्याच्या आकड्यात भर घातली असेल; बाहेरची कँडेलियाची ओळ चिखल काढणाऱ्या यंत्राच्या एका फेरीत गेली असती तर त्या आकड्यात दशांशाचाही फरक पडला नसता. माझ्या मते या प्रकरणातली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट हीच आहे. कांदळवन वाढत असताना कांदळवनातली एक जात गावातून नाहीशी होऊ शकते आणि कागदावर सगळं हिरवंच दिसतं.

प्रस्तावात भराव कुठून घेणार ते शोधल्यावर धोका उघड झाला. बांधाला लागणारा चिखल लांब हाताच्या यंत्राने नदीच्या अंगाने, बांधाच्या पायथ्यापासूनच काढायचा होता. ते स्वस्त पडतं आणि यंत्र बांधावर उभं राहून काम करतं. म्हणजे जी झुडपं 'कापायची' यादीत कोणी धरलीच नव्हती तीच पहिल्यांदा मुळासकट निघाली असती.

हे मी गावच्या बैठकीत सांगितलं तेव्हा मला वाटलं होतं की शेतकरी चिडतील. झालं उलटं. मागे बसलेले एक वृद्ध शेतकरी, ज्यांनी तरुणपणी हा बांध स्वतःच्या हातांनी लिंपलेला, ते उठून म्हणाले, "मास्तर, कांदळ बांधाच्या भायर जाय, बांधार न्हय." म्हणजे खारफुटी बांधाच्या बाहेर हवी, बांधावर नको. मग त्यांनी समजावलं. बांधावर झाड उगवलं तर मूळ आत शिरतं, पुढे ते कुजतं, कुर्ल्या त्या पोकळीत बिळं करतात आणि तिथूनच पाणी झिरपायला लागून खांड पडते. पण बांधाबाहेर दहा-बारा पावलं झुडूप असलं तर लाट बांधापर्यंत पोचेपर्यंत मरते. त्यांच्या वडिलांच्या काळी बाहेरचं झुडूप तोडणाऱ्याला गावकरी दंड करत. शेतकऱ्याचं हित आणि झुडपाचं हित एकाच पट्ट्यात होतं, हे त्या दिवशी सगळ्यांसमोर आलं. ते माझ्या व्याख्यानाने आलं नसतं.

लाटेचा प्रश्न इथे जुना आहे. कित्येक दशकं मांडवीतून खनिजाच्या बार्जी गेल्या. भरलेली बार्ज गेली की आधी काठाचं पाणी ओढलं जातं आणि मग लाट येऊन आपटते, दिवसात कितीतरी वेळा. 2012 मध्ये खाणी थांबल्या, पुढे सुरू होऊन 2018 मध्ये पुन्हा थांबल्या, तेव्हा काठाला उसंत मिळाली. कँडेलियाला आधारमुळं नसल्याने पायाखालचा चिखल कापला गेला की झुडूप कलतं आणि मग अख्खंच कोसळतं. त्या पट्ट्यात असे जुने, आडवे पडलेले बुंधे आम्ही पाहिले. म्हणजे यंत्र येण्याआधीपासूनच ही ओळ झिजत आली होती.

कायद्याबाबत गावात अर्धवट माहिती फार होती. किनारी नियमन क्षेत्राच्या 2011 च्या अधिसूचनेत गोव्यासाठी वेगळी तरतूद आहे. खाजणांचे नकाशे करा, खाजणांकाठच्या खारफुटीचं रक्षण करा, खाजणासाठी व्यवस्थापन आराखडा करा आणि खाजणात विकासकामांना परवानगी देऊ नका, हे सगळं तिथे एकत्रच आलं आहे. खाजण आणि खारफुटी एकमेकांविरुद्ध उभी करणं त्या तरतुदीत कुठेही नाही. 2019 च्या अधिसूचनेत खारफुटी सर्वांत संवेदनशील वर्गात आहेच, पण 1000 चौरस मीटरपेक्षा मोठं क्षेत्र असेल तरच भोवती 50 मीटरचा राखीव पट्टा मिळतो. बांधाबाहेरच्या एका अरुंद ओळीचं क्षेत्रफळ तेवढं भरतच नाही. झुडपाला संरक्षण आहे, त्याच्या पायाखालच्या चिखलाला नाही, आणि चिखल गेला की झुडूप जातंच.

शेवटी जो मार्ग निघाला तो कोणाच्याही पहिल्या मागणीसारखा नव्हता. भराव आतून घ्यायचा, तोही पोंय खोल करून, म्हणजे मासळीलाही फायदा. यंत्र बांधाच्या वळणावर चढवायचं नाही. तेवढा तुकडा माणसांनी टोपल्यांनी करायचा. चिऱ्यांची दगडी बांधणी खांडीच्या तोंडापुरतीच ठेवायची, बाकी बांध पूर्वीसारखा चिखल आणि पेंढ्याचा. कामाच्या रेषेतली आतली झाडं रीतसर परवानगी घेऊनच काढायची आणि पोंयीच्या कडेची चिप्पी ठेवायची. वळणावरच्या मजुरीचा खर्च अंदाजपत्रकात बसेना, तो मानशीच्या पावणीच्या पैशातून भागवायचं कूळ संघटनेने मान्य केलं. एखाद्या दुर्मीळ झुडपासाठी शेतकऱ्यांनी स्वतःच्या उत्पन्नातून पैसे दिल्याचं हे उदाहरण मला फार मोलाचं वाटतं.

आतल्या तिवरांवर मात्र अजून दोन मतं आहेत. बांध बंद झाल्यावर खारं पाणी कमी होणार आणि ती हळूहळू मरणार, मग हे संरक्षण कसलं, असं गावातली ती शिकलेली मुलं विचारतात. प्रश्न रास्त आहे. तरीही मी शेतकऱ्यांच्या बाजूचा आहे. गोव्यात पडीक खाजण फार काळ कांदळवन राहत नाही. एक दिवस कडेला मातीचे ट्रक रिकामे होतात, मग भराव, मग कुंपण. कसलेलं खाजण स्वतःचा राखणदार स्वतः ठेवतं. तिवर हजार जागी उगवेल. कँडेलियाला मात्र ती बाहेरची कडा हवी, आणि ती कडा धड असलेल्या बांधाच्या पुढ्यातच टिकते.

ओळ राखली, पण झुडपं इतकी मोजकी की नुसती राखून भागणार नव्हतं. लागवडीचा विषय निघताच कोणीतरी हाँगकाँग आणि तैवानमधली माहिती आणली. कँडेलिया कँडेलवरचं जुनं संशोधन तिकडे खूप झालं आहे, केव्हा फुलतं, शेंगा केव्हा गोळा करायच्या, सगळं तयार. ते जसंच्या तसं उचलणं धोक्याचं होतं. 2003 साली वनस्पतितज्ज्ञांनी दाखवून दिलं की चीन, तैवान, जपान, उत्तर व्हिएतनामकडची झाडं ही वेगळीच जात आहे. तिला आता कँडेलिया ओबोवाटा म्हणतात. ती थंडी सोसणारी, तिचं ऋतुचक्र वेगळं. त्यापूर्वीच्या लेखांत नाव आपल्या झाडाचं आणि गुण दुसऱ्याचे, असा घोळ आहे. म्हणून शाळेतल्या मुलांकडे वही दिली आणि ठरलेल्या झुडपांची कळी, फूल, कोवळी शेंग, पिकलेली शेंग अशी नोंद इथेच सुरू केली. शेंग पिकली हे ओळखायला कॅलेंडर लागत नाही. रंग उतरतो आणि नुसता हात लागला तरी ती सुटून येते. ओढून काढलेली शेंग बहुतेक वेळा वाया जाते.

शेंगा एकाच झुडपावरून न घेता जितक्या मिळतील तितक्या झुडपांवरून थोड्या-थोड्या घेतल्या, आणि दुसऱ्या नदीतून काहीच आणलं नाही. पिशवीतली रोपं करण्यापेक्षा बऱ्याचशा थेट चिखलात लावल्या, प्रत्येकीची एक तृतीयांश लांबी आत, मारांडीच्या ताटव्यांच्या आडोशाला, कारण तिथे चिखल धरून राहतो. काही कुर्ल्यांनी कुरतडल्या, काही वाहत आलेल्या प्लास्टिकखाली दबल्या. तुटलेल्या जाळ्यांचे तुकडे रोपांना असे गुंडाळतात की भरतीबरोबर रोप उपटूनच जातं. ओहोटीला जाऊन ती सोडवणं हे आता तिथलं मुख्य काम झालं आहे. तरीही नव्या पानांच्या जोड्या धरलेली रोपं त्या पट्ट्यात उभी आहेत.

सगळं चांगलंच झालं असं नाही. दगडी बांधणी संपते त्या टोकाला पहिल्याच पावसाळ्यात काठ कापला गेला आणि तिथली काही जुनी झुडपं गेली. दगडावर आपटलेली लाट जिरत नाही, ती बाजूला वळते आणि जिथे दगड संपतो तिथली मऊ माती खाते. हे आधी ध्यानात घेऊन टोकाला बांबूचे खुंट आणि फांद्यांचे भारे उतरते लावायला हवे होते. ते आता लावले आहेत आणि मागे चिखल साचू लागला आहे. अशा कुठल्याही कामात दगडाचं टोक झुडपांच्या ओळीत येऊ देऊ नका, ही सूचना आम्ही लेखी दिली आहे.

लोक जैवविविधता नोंदवहीत या झुडपाचं स्वतंत्र पान झालं, जागेचा नेमका तपशील उघड न करता. जैवविविधता कायद्याच्या कलम 38 खाली केंद्र सरकार राज्याशी सल्लामसलत करून नष्ट होण्याच्या मार्गावरच्या जाती त्या राज्यापुरत्या अधिसूचित करू शकतं. जागतिक यादीत 'चिंता नाही' असलेल्या पण गोव्यात मोजकीच उरलेल्या झाडासाठी हाच रस्ता आहे असं मला ठामपणे वाटतं, आणि त्यासाठी नदीनिहाय मोजणी व्हायला हवी.

दरम्यान पलीकडच्या काठावरच्या गावाने आमच्याकडे शेंगा मागितल्या. द्यायला हरकत नव्हती, पण आधी तुमचा काठ बघू म्हटलं. होडीतून फिरताना त्यांच्या मानशीच्या खालच्या अंगाला, काजळ्याच्या गर्दीत, बोथट पानांची तीच झुडपं निघाली. गावात कोणालाच ठाऊक नव्हतं. ती मानस यंदा दुरुस्तीला आहे. चिखल कुठून घेणार, हे विचारणारं पत्र त्यांच्या कूळ संघटनेने कंत्राट निघण्याआधीच दिलं आहे.